पूर्ण वाक्यात लिही

३ फेब्रुवारी, मंगळवार

के!

एवढंच. मी सकाळी अर्धा तास खपून फोनवर लिहिलं — 'गोळ्या संपत आल्या आहेत, येताना पांढऱ्या व गुलाबी दोन्ही आणाव्यात, गुलाबी जेवणानंतरची, चुकू नये.' चष्मा दोनदा पुसला. आणि सुनेचं उत्तर काय? इंग्रजी के. मला वाटलं चुकून बोट लागलं असेल, पुढचं येईल. दुपारभर फोन मांडीवर घेऊन बसलो. काही आलं नाही.

संध्याकाळी विचारलं. म्हणते, "के म्हणजे ओके, बाबा." अगं, ओके हीच मुळात दोन अक्षरं! त्यातलंही एक खाल्लं. बोटं झिजतात काय यांची?

गोळ्या आणल्या. गुलाबीही बरोबर आणली. पण मुद्दा तो नाही.

ही वही आमच्या शिलाईच्या दुकानातली, कोरी राहिलेली. पानावर छाती, कंबर, बाही, उंची असे रकाने छापले आहेत. मी त्यांच्यावरून आडवं लिहितो. घरात कुणाशी बोलायची सोय नाही, निदान कागद तरी मान खाली घालून ऐकतो.

४ फेब्रुवारी, बुधवार

सुनेला समोर बसवून एकेक वदवून घेतलं. लिहून ठेवतो, म्हणजे मला कुणी फसवायला नको.

जी एम — शुभ सकाळ. टी सी — काळजी घ्या. काळजी घ्या एवढं लिहायला ज्यांना सवड नाही ते काळजी काय घेणार! बी आर बी — आलोच. एल ओ एल — मोठ्यानं हसणे. हे सपशेल खोटं आहे. मुलगा सोफ्यावर बसून हे लिहीत होता तेव्हा मी समोरच होतो. ओठ शिवल्यासारखा बसला होता, मिशीसुद्धा हलली नाही.

आणि आर आय पी. समोरच्या इमारतीतले गृहस्थ वारले तर चोवीस जणांनी ही तीन अक्षरं टाकली. माणूस गेला! त्याला एक अख्खा शब्द मिळू नये?

सून म्हणाली, "आणि तुम्ही नावामागं 'कै.' लावता ते?"

"ते वेगळं."

"पत्रात 'सा. न. वि. वि.' लिहायचात ते?"

"ते साष्टांग नमस्कार विनंती विशेष. त्याला रीत म्हणतात!"

"मग ही आमची रीत."

तोंडाला तोंड! रक्त तपासतात तिथं खिडकीवर बसते ना, दिवसभर लोकांवर खेकसून जिभेला धार लागली आहे. मी इयत्ता पाचवीपर्यंत शिकलो म्हणून मला काही कळत नाही असं हिला वाटतं. पण पाचवीत मला वाक्य पूर्ण करायला शिकवलं होतं.

७ फेब्रुवारी, शनिवार

न विचारता मला एका गटात घातलं! 'आपण सगळे' असं त्याचं नाव. नऊ जण आहेत. खाली खाली सरकवत गेलो तर शेवटी — माझा धाकटा भाऊ.

चेहऱ्याचा फोटो नाही. शिलाईच्या मशीनचं चाक लावलं आहे. तोंड दाखवायची लाज वाटत असेल. वाटायलाच हवी.

तेरा वर्षं या माणसाशी माझा शब्द नाही. घरात त्याचं नाव निघालं तर मी पानावरून उठतो, हे सगळ्यांना माहीत आहे. तरी सुनेनं हे केलं. मुद्दामच.

लिहून टाकतो एकदा काय झालं ते. दुकान दोघांचं. मी कापायचो, तो शिवायचा. एकतीस वर्षं. गिऱ्हाईक माझ्यासमोर उभं राहायचं, मी मापं घेऊन वहीत लिहायचो, कापड कापून त्यावर खडूनं खुणा करायचो आणि पडद्यामागं सरकवायचो. पडद्यामागं तो. त्यानं गिऱ्हाईक कधी पाहिलंच नाही. माझा खडू हेच त्याचं गिऱ्हाईक. कुणाचं पोट सुटलेलं, कुणाला पोक, सगळं त्याला खडूवरून कळायचं. दिवसच्या दिवस आम्ही एक शब्द बोलायचो नाही आणि अडायचं नाही.

मग न्यायाधीशसाहेबांचा कोट आला. निरोप समारंभासाठी. साहेबांचा डावा खांदा अर्धा इंच उतरता. अशा खांद्याला खूण करायची असते, मग शिवणारा आतून भर घालतो आणि कोट सरळ दिसतो. यानं भर घातलीच नाही! कोट चढवला तर कॉलर मानेपासून सुटलेली. दुकानात सहा माणसं. साहेब आरशात बघून म्हणाले, "मास्तर, हा कोट माझाच का?"

मी धाकट्याला पडद्याबाहेर बोलावलं आणि सगळ्यांदेखत सांगितलं — हात आहेत, डोकं नाही.

तो एवढंच म्हणाला, "दादा, खूण नव्हती." बोटातलं अंगुस्तान काढून टेबलावर ठेवलं आणि गेला.

मी खूण केली होती. केलीच होती. शिवून झालं की खडू झटकतात, पुरावा उरत नाही. पण मी केली होती.

८ फेब्रुवारी, रविवार

त्याचं अक्षर आलं. अक्षरच! 'न.' बस.

सुनेला विचारलं. म्हणाली, "नमस्कार असेल." थोरल्या भावाला तेरा वर्षांनी नमस्कार करायचा तर एवढासा! भिकाऱ्यालाही माणूस यापेक्षा जास्त बोलतो.

आणि सून बाजाराला गेली ती दोन तास. दर रविवारी जाते. हातात पिशवी मात्र नेहमी अर्धीच.

११ फेब्रुवारी, बुधवार

मी मोठेपणा दाखवून लिहिलं, 'तुझी प्रकृती कशी आहे?' पूर्ण वाक्य, शेवटी प्रश्नचिन्ह. निळ्या खुणा लगेच आल्या, म्हणजे वाचलं. मग वर दिसायला लागलं — लिहीत आहे. तीन वाजता. सव्वातीनला, लिहीत आहे. साडेतीनला थांबलं, पुन्हा सुरू. मी चहा घेतला नाही. काय लिहितो आहे एवढं? तेरा वर्षांचं सगळं ओकतो आहे की काय?

पावणेचारला आलं — 'ब.'

ब! बरा आहे!

कावा आला लक्षात. तो पाऊण तास मला शिव्या लिहीत होता, पुसत होता, पुन्हा लिहीत होता. शेवटी मला डिवचायला एक ब टाकला. लहानपणापासून असाच. मी ओरडलो की हा भिंतीकडं बघायचा.

१२ फेब्रुवारी, गुरुवार

खाली बाकावर पोस्टातले पेन्शनर बसतात, त्यांना सांगितलं. ते म्हणाले, "अहो, तारेच्या काळात तरी वेगळं काय होतं? 'आई गंभीर निघा.' तीन शब्दांत माणूस रडत गाडी पकडायचा."

"त्याला कारण होतं."

"यालाही असेल की काहीतरी."

"काय कारण? आळस!"

"मास्तर, तुम्ही बोलता फार. समोरच्यानं थोडक्यात आटपलं तर त्याचे आभार माना." आणि हसले. हे मात्र खरोखर मोठ्यानं.

उद्यापासून त्या बाकावर बसणार नाही.

१५ फेब्रुवारी, रविवार

सुनेनं माझी पेटी उघडली! म्हणे, वाळवी लागली आहे का बघत होते. मापांच्या जुन्या वह्या बाहेर काढून जमिनीवर मांडल्या आणि त्यात बोट घालून वाचत बसली.

"बाबा, हे काय? 'पो. सु. कि.'"

"ठेव ती खाली."

"सांगा तर!"

"पोट सुटलेला, किटकिट्या."

ती जी हसायला लागली! मुलगाही आला. "आणि 'पो. आ. घे.'?" पोट आत घेतो. मापं घेताना लोक श्वास रोखून उभे राहतात, त्यांना दीड इंच जास्त धरायचा, नाहीतर घरी जाऊन जेवले की बटण तुटतं. "आणि 'बा. ठ.'?" बायको ठरवणार. त्या गिऱ्हाइकाशी रंगाबद्दल बोलून उपयोग नसतो. मलाही क्षणभर हसू आलं, खोटं कशाला लिहू.

मग ती म्हणाली, "म्हणजे तुम्ही एल ओ एलवाल्यांचे आजोबाच की!"

तिडीक गेली डोक्यात. ते काम होतं, थट्टा नव्हती! गिऱ्हाईक समोर असताना त्याच्या पोटाबद्दल ओरडून सांगायचं का? धाकट्याला कळलं की झालं. सगळ्या वह्या हिसकावून घेतल्या.

त्यातली एक उघडी पडली होती. न्यायाधीशसाहेबांचं पान. 'डा. खां. उ. अर्धा.' माझंच अक्षर. डावा खांदा उतरता. बघा! वहीत आहे. वहीत आहे म्हणजे कापडावर केलीच असणार.

ती वही पेटीत अगदी तळाशी ठेवली. तिच्यावर ब्लँकेट.

१७ फेब्रुवारी, मंगळवार

धाकट्याला स्पष्ट लिहिलं — 'मी तुझा थोरला भाऊ आहे. माझ्याशी अक्षरं तोडून बोलायचं नाही. पूर्ण वाक्यात लिही.'

लिहिताना मी मोठ्यानं म्हणत होतो, ते सुनेनं ऐकलं असावं. स्वयंपाकघरातून आली, दारात उभी राहिली. "बाबा, ते पुसून टाका."

"का?"

तिनं मुलाकडं पाहिलं. मुलगा बुटाची नाडी बांधत होता, तो बांधतच राहिला.

"काही नाही," म्हणाली.

पुसलं नाही.

१८ फेब्रुवारी, बुधवार

वठणीवर आला! सकाळी नऊपासून 'लिहीत आहे' दिसत होतं. साडेअकराला आलं:

'दादा, मी बरा आहे. तू कसा आहेस?'

एकही चूक नाही. स्वल्पविराम, प्रश्नचिन्ह, सगळं जागच्या जागी. येतं की नाही मग लिहिता? धाक हवा. सून आज रजेवर, तिला दोनदा वाचून दाखवलं. सून म्हणाली, "अडीच तास लागले त्यांना, बाबा." म्हटलं, लागू देत, रिकामाच तर आहे.

तिनं पातेलं आपटलं.

जेवण चांगलं गेलं. दुपारी झोपही लागली.

२० फेब्रुवारी, शुक्रवार

आता लोखंड तापलं आहे. लिहिलं — 'साहेबांच्या कोटावर मी खूण केली होती. तुझ्या लक्षात आली नाही. हे एकदा पूर्ण वाक्यात लिहून दे. मग मागचं सगळं मिटलं असं मी समजेन.'

यात वावगं काय? मी शहात्तर वर्षांचा. तोही सत्तरीला आला. आज आहे, उद्या नाही. तेवढं एक वाक्य मला हवं आहे. मग खुशाल एकेक अक्षर टाक म्हणावं.

निळ्या खुणा आल्या. लिहीत आहे आलं नाही.

२१ फेब्रुवारी, शनिवार

सकाळी लिहीत आहे. बंद. दुपारी लिहीत आहे. बंद. फोन चार्जिंगला लावून तिथंच खुर्ची ओढून बसलो. पाठ धरली.

२२ फेब्रुवारी, रविवार

अजून नाही. सून आजही बाजाराला गेली. आली तेव्हा पिशवी रिकामी होती.

२३ फेब्रुवारी, सोमवार

संध्याकाळी सहाला आलं. तिघं जेवायला बसल्यावर मी मोठ्यानं वाचलं:

'दादा, खूण होती. मला दिसली नाही. चूक माझी होती. मिटव आता.'

म्हटलं, "ऐकलंत? तेरा वर्षं मला खोटा ठरवलंत ना मनातल्या मनात? घ्या! लेखी घ्या!"

मुलानं भाकरीचा तुकडा ताटात ठेवला आणि उठून हात धुवायला गेला. नळ चालू ठेवून तिथंच उभा राहिला.

सून म्हणाली, "झालं समाधान?"

"म्हणजे?"

"काकांना झटका येऊन दोन वर्षं झाली. उजवी बाजू गेली आहे त्यांची. बोलणं उमटत नाही. डाव्या अंगठ्यानं लिहितात, फोन उशीवर टेकवून. हात थरथरतो, शेजारचं अक्षर लागतं, मग पुसायचं, पुन्हा लावायचं. तुम्ही पूर्ण वाक्य मागितलंत ना? काल अंगठ्याला पट्टी बांधून लिहीत होते. मी होते तिथं."

मी म्हटलं, "तू बाजारात गेली होतीस."

"दर रविवारी तिथंच जाते."

मग मी ओरडलो. मला का सांगितलं नाही, मी कोण आहे या घरात, सगळं ओरडलो. ती ऐकत उभी राहिली. मी थांबल्यावर म्हणाली, "तुम्ही नाव काढू देत होता का? आणि त्यांनीच बजावलं होतं. तेव्हा थोडं बोलता यायचं. म्हणाले, दादाला सांगू नका. तो म्हणेल, हात होते तेही गेले."

ताट तसंच राहिलं.

२४ फेब्रुवारी, मंगळवार

करून पाहिलं. सगळे कामावर गेल्यावर. उजवा हात पाठीशी नेला आणि पायजम्याच्या नाडीत अडकवला. फोन उशीवर. तो घसरतो. दुसरा हात नसेल तर त्याला धरायचं कशानं? हनुवटीनं धरला तर दिसत नाही. डाव्या अंगठ्यानं 'खूण' लिहायला गेलो. ख लागता लागेना. त्याला खाली उकार, तोही दीर्घ, मग ण. तीनदा पुसलं. माझा अंगठा धडधाकट आहे. तरी त्याची ती चार वाक्यं उतरवायला मला एक तास दहा मिनिटं लागली आणि खांद्यात कळ आली.

त्यानं स्वल्पविरामसुद्धा दिला होता.

पाऊण तास लागला होता त्याला त्या एका ब ला. मी त्याला काय म्हटलं ते मागच्या पानावर आहे. खोडत नाही. राहू दे.

२५ फेब्रुवारी, बुधवार

सात तारखेला या वहीत लिहिलं की पुरावा उरत नाही. स्वतःच्या वहीशी खोटं बोललो.

वरचा खडू झटकला की जातो. शिवणीच्या आत दाबलेला जात नाही, तो वर्षानुवर्षं राहतो. हे कुठल्याही शिंप्याला ठाऊक आहे. धाकटा गेला त्याच्या दुसऱ्या दिवशी मी साहेबांचा कोट दुरुस्त करायला घेतला. डावा खांदा उसवला. शिवण उलगडून उजेडात धरली. कापड स्वच्छ होतं. खडूचा कणही नव्हता.

मापं घेतली त्या दिवशी साहेबांबरोबर मोठमोठी मंडळी आली होती. मी त्यांच्यापुढं तोंडाची टकळी चालवत होतो. वहीत लिहिलं आणि बोलण्याच्या नादात कापडावर करायची राहिली. खडू कानावर तसाच.

त्याच दिवशी दुपारी त्याच्याकडं जायला हवं होतं. दोन गल्ल्या सोडून तर राहायचा. दुकानाचं शटर अर्धं ओढलंही होतं. मग गिऱ्हाईक आलं. मग वाटलं उद्या. मग वाटलं, थोरला मी. तोच येईल.

आणि आता त्यानं माझ्यासाठी खोटं लिहून दिलं. पूर्ण वाक्यात.

२६ फेब्रुवारी, गुरुवार

फोनला हात लावला नाही. सून चहा ठेवून गेली.

२८ फेब्रुवारी, शनिवार

तीनदा लिहिलं. पहिल्यांदा फार लांब झालं, त्यात साहेबांची मंडळी, गर्दी, उकाडा, सगळं आलं. पुसलं. दुसऱ्यांदा 'बहुधा' असा शब्द आला. तोही पुसला.

सुनेला विचारलं, "उद्या बाजारात जाशील तेव्हा मला नेशील?"

तिनं बाजाराची पिशवी घडी करून कपाटात ठेवली. मग म्हणाली, "के."

१ मार्च, रविवार

निघण्याआधी सकाळी पाठवलं — 'खूण केली नव्हती. मला दुसऱ्याच दिवशी कळलं होतं.'

लिहीत आहे, लिहीत आहे. मी बूट घालून दारात बसून होतो. वीस मिनिटांनी आलं:

'मा. हो.'

माहीत होतं. सुनेला विचारावं लागलं नाही.